बैलाचं बेगड, पोराचा मुकुट

पोळा फुटला की बैल घरी येतात. दारात त्यांचे पाय धुतले जातात, ओवाळणं होतं, पुरणपोळीचा घास भरवला जातो. मग रात्री उशिरा गोठ्यात कंदिलाच्या उजेडात त्यांचा साज उतरवायचा. महागावला आजोळी असताना हे काम आम्हा पोरांकडे असे आणि आजी सूप घेऊन गोठ्याच्या दाराशी बसलेली असे. झूल घडी होऊन पेटीत जाई. कवड्यांची माळ, घुंगरं, गोंडे, मस्तकावरचं बाशिंग हे सगळं सुपात पडे. शिंगांवरचं बेगड मामा नखानं सोलून काढत आणि चुरगळून टाकायला निघत, तेव्हा आजी हात पुढे करायची. ‘‘कायले फेकतं? पोट्ट्याच्या मुकुटाले होते ना.’’

दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा असायचा. आमच्या अंगावर चढणाऱ्या वेशाची पहिली वस्तू अशी बैलाच्या शिंगावरून येई.

विदर्भाबाहेरच्या वाचकांसाठी थोडं सांगायला हवं. श्रावण अमावास्येला मोठा पोळा, खऱ्या बैलांचा. दुसऱ्या दिवशी भाद्रपद शुद्ध प्रतिपदेला लेकरांचा पोळा, तो तान्हा पोळा. त्याची सुरुवात नागपूरकर भोसल्यांच्या घराण्याने केली असं परंपरेनं सांगितलं जातं. लहान मुलं लाकडी नंदी सजवून आणतात. कुणाचा वीतभर असतो, कुणाचा चाकं लावलेला, दोरीनं ओढायचा. तोरणाखाली नंद्यांची रांग लागते, पूजा होते, मग पोरं घरोघर हिंडतात. प्रत्येक घरी नंदीला कुंकू लागतं आणि पोराच्या हातावर पैसे किंवा खाऊ पडतो. याला आमच्याकडे बोजारा म्हणतात. मोठ्या पोळ्याला तो शेतात राबणाऱ्या गड्याचा मान, आणि तान्ह्या पोळ्याला लेकराचा.

नंदीबरोबर पोरंही सजतात. गावोगावी नंदीच्या सजावटीला बक्षीस असतं तसंच वेशभूषेलाही असतं. एका रांगेत शिवाजी महाराज, सावित्रीबाई, गाडगेबाबा, विठ्ठल, वासुदेव, वकील, डॉक्टर, सैनिक आणि शेतकरी असे सगळे दोन-अडीच फुटी उभे असतात. त्यातलं कुणी तरी मुकुट टोचतो म्हणून रडत असतं.

हा लेख त्या वेशांविषयी आहे. घरी, घरातल्याच वस्तूंतून, रात्रभर जागून केलेल्या वेशांविषयी. आता यवतमाळ, पुसद, नागपूर इथे भाड्यानं तयार पोशाख मिळतात आणि ऑनलाइन मागवलेलं पाकीट तालुक्याच्या गावीही येतं. घाईच्या आईला त्याचा आधार वाटतो, यात गैर काही नाही. पण घरी केलेल्या वेशात जे घडतं ते पाकिटातून येत नाही, हे मला गेल्या काही वर्षांत फार जाणवलं आहे आणि ते नीट सांगावंसं वाटतं.

महागाव हे यवतमाळ जिल्ह्याच्या दक्षिण अंगाचं तालुक्याचं गाव. एका बाजूला पुसद, दुसऱ्या बाजूला उमरखेड, आणि पैनगंगा ओलांडली की मराठवाडा. पूस नदी तालुक्यातून वाहत जाऊन हिवरा संगमला पैनगंगेला मिळते. जमीन काळी, पिकं कापूस, सोयाबीन, तूर. पाणी असेल तिथे ऊस आणि हळद. वेशभूषेच्या लेखात पिकांची यादी कशाला, असं वाटेल. पण इथल्या पोराची दाढी, रंग, झोळी हे सारं या पिकांतूनच येत असे.

दाढीचंच पाहा. कापसाच्या मुलखात पांढऱ्या दाढीला काय तोटा, असं कुणालाही वाटेल. पण पोळ्याच्या सुमारास कापूस शेतात पात्या-फुलांवर असतो, फार तर हिरवी बोंडं धरलेली असतात. वेचणीला अजून दोन महिने असतात. म्हणजे तान्ह्या पोळ्याची दाढी गेल्या वर्षीच्या कापसाचीच. आजीकडे वातींसाठी राखून ठेवलेल्या कापसाचं एक गाठोडं असे. त्यातली सरकी बोटानं काढून, कापूस हातानं पिंजून ती त्याचा लांबट पेळू करायची आणि पातळ मलमलीच्या पट्टीवर दोऱ्यानं टाचायची. पट्टीला दोन नाड्या, त्या कानामागून डोक्यावर बांधायच्या. शेजारपाजारी मैद्याची खळ लावून कापूस थेट गालावर चिकटवत. आजीला ते पटत नसे. खळ वाळली की गाल ओढला जातो, घाम आला की दाढी लोंबते, आणि काढताना पोर रडतं. शिवाय खळ लागलेला कापूस पुन्हा कामाचा राहत नाही. शेवटचं कारण तिच्या लेखी सगळ्यांत मोठं होतं.

मुकुटाची रीतही तिची स्वतःची होती. चपलांच्या खोक्याचा पुठ्ठा घ्यायचा. डोक्याचा घेर सुतळीनं मोजायचा, पण पुठ्ठा पूर्ण घेराचा कापायचा नाही. मागे चार बोटं जागा सोडून दोन्ही टोकांना भोकं पाडून नाडी ओवायची. त्यानं मुकुट सैल-घट्ट करता येतो आणि पुढच्या वर्षी डोकं वाढलं तरी चालतो. कपाळाला लागणाऱ्या कडेला आतून जुन्या धोतराची पट्टी शिवायची, म्हणजे टोचत नाही. बेगड थोडं आणि पुठ्ठा मोठा, म्हणून ते सगळीकडे चिकटवायचं नाही. कळसावर, कडेवर आणि मधल्या टिकलीवर तेवढं. बाकीच्या भागाला हळदीचा पिवळा हात. लांबून पाहिलं की सगळा सोन्याचा वाटे.

हळदीत चुन्याची निवळी घातली की ती लाल होते. कुंकू पूर्वी याच रीतीनं करत. कागद आणि कापड रंगवायला हा लाल उत्तम. तोंडाला मात्र नको, चुना कातडीला झोंबतो. तोंडासाठी घरचं काजळ, गेरू नाही तर साधं कुंकू खोबरेल तेलात कालवून. खळीच्या बाबतीतही एक सांगितलंच पाहिजे. पुस्तकं बांधणारे लोक खळीला कीड लागू नये म्हणून तिच्यात मोरचूद टाकतात. मुखवट्यासाठी तसली खळ आणू नये, मोरचूद विषारी असतं आणि मुखवटा पोराच्या तोंडाशीच असतो. मैदा आणि पाणी पुरतं. एका दिवसाच्या मुखवट्याला कीड लागायला वेळ तरी कुठे असतो!

सगळ्या वेशांत माझा सर्वांत आवडता गाडगेबाबांचा. विदर्भातल्या शाळांत २३ फेब्रुवारीला जयंती आणि २० डिसेंबरला पुण्यतिथी होते, आणि तान्ह्या पोळ्याच्या रांगेतही ते असतातच. बाबा आमच्याच वऱ्हाडचे. जन्म १८७६चा, अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचा. देह ठेवला १९५६ साली, अमरावतीजवळच. त्यांचा वेश म्हणजे चिंध्या जोडलेला अंगरखा, हातात खराटा, डोक्यावर किंवा हातात मातीचं गाडगं, एका कानात कवडी आणि दुसऱ्या कानात फुटक्या बांगडीची काच. या वेशाला विकत घेण्यासारखं काही नाहीच. म्हणून गरिबातल्या गरीब घरचं पोर गाडगेबाबा होऊ शकतं आणि रांगेत कुणापेक्षा उणं दिसत नाही. बाबांना हे कळलं असतं तर बरं वाटलं असतं, असं मला मनापासून वाटतं.

पण सोपा दिसणारा हा वेशच नीट करायला अवघड आहे. भाड्याच्या पोशाखात गाडगेबाबांचा अंगरखा मिळतो; त्यावर रंगीत ठिगळं मशीननं एकसारख्या चौकोनात शिवलेली असतात. ती ठिगळं कशावरचीच नसतात, खाली भोक नसतं. माझ्या मावशीनं तिच्या नातवासाठी अंगरखा केला तेव्हा मी तिथे होते. तिनं चिंध्यांचं बोचकं सोडलं आणि एकेक चिंधी हातात घेऊन पोराला सांगत गेली. ही तुझ्या बाबांच्या शाळेच्या चड्डीची. ही माझ्या लुगड्याची, नांदायला आले तेव्हाच्या. ही तुझ्या पणजीच्या गोधडीची. पोराला झोप येत होती, तरी तो प्रत्येक चिंधीला बोट लावून पाहत होता. बाबा ज्या गावात जात तिथे आधी खराट्यानं गाव झाडत आणि रात्री कीर्तन करत, हे तिनं अंगरखा शिवता शिवता सांगितलं. दुसऱ्या दिवशी कार्यक्रमात पोर पाठ केलेली दोन वाक्यं विसरलं. ते काही न बोलता मंडपासमोरची जागा झाडू लागलं. खाऊचे कागद, केळ्यांची सालं, सगळं एका बाजूला. त्याला बक्षीस मिळालं की नाही ते मला आठवत नाही. तो झाडत होता तोवर माणसं पाय उचलून घेत होती, हे लख्ख आठवतं.

सावित्रीबाईंच्या वेशाचं असंच. ३ जानेवारीला शाळाशाळांतून इवल्या सावित्री दिसतात. काठाची साडी, कपाळावर कुंकू, हातात पुस्तक. एका आईनं मुलीच्या खांद्याला कापडी पिशवी अडकवली होती आणि तीत घडी केलेलं दुसरं लुगडं होतं. शाळेच्या वाटेवर अंगावर शेण-चिखल फेकत, म्हणून सावित्रीबाई सोबत एक जास्तीचं लुगडं नेत, हे आपण सगळे वाचतो. त्या मुलीला मात्र ते खांद्यावर वाहावं लागलं. ‘‘जड लागते,’’ ती कुरकुरली. आई म्हणाली, ‘‘लागू दे माय. त्याहिले बी लागत होतं.’’

महागाव-पुसद हा बंजारा तांड्यांचाही मुलूख. माजी मुख्यमंत्री वसंतराव नाईक पुसद तालुक्यातल्या गहुलीचे, तेही याच समाजातले. तांड्यावरच्या मुली तान्ह्या पोळ्याला किंवा शाळेच्या कार्यक्रमाला आपला पारंपरिक वेश घालून येतात: घेरदार फेटिया, आरसे आणि कवड्यांनी भरलेली कांचळी, डोक्यावर ओढणी, केसांत घुगरी, दंडावर पांढऱ्या बलिया. श्रावणात तीज होते. मुली टोपल्यांतून गहू पेरतात, रोज पाणी घालतात, गाणी म्हणतात. तेव्हा आजीच्या पेटीतून हे कपडे बाहेर आलेलेच असतात. याला वेशभूषा म्हणावं का, असा प्रश्न मला पडतो. त्या मुलीच्या आजीनं हा पोशाख आयुष्यभर रोज घातलेला असतो. तिच्यासाठी तो साधा पेहरावच. नातीच्या मापाला तो करताना आजी कापड कापत नाही. फेटियाचा नेफा वर दुमडून टाके घालते, मागून ओढून घेते. भरतकामाच्या कपड्याला कात्री लावायची नाही, हे त्या घरांत ठाम असतं. नात मोठी होईल, टाके उसवतील, फेटिया पुन्हा खाली उतरेल. दुसऱ्या समाजाच्या मुलींना ‘बंजारा डान्स’साठी चमकीचे घागरे भाड्यानं आणले जातात, ते पाहिले की शेजारच्या तांड्यावरच्या एखाद्या आजीला बोलावून विचारावंसं वाटतं. ती आनंदानं दाखवील. कुठला आरसा कुठे, कवड्या कशा ओवायच्या, हे तिला दुसऱ्याला सांगायचंच असतं.

आणखी दक्षिणेला, पैनगंगेपलीकडे किनवटचं जंगल आणि पुढे आदिलाबाद. तिथल्या राजगोंडांमध्ये दिवाळीच्या दिवसांत दंडारीचे ताफे गावोगाव जातात. त्यांतले गुस्साडी म्हणजे मोरपिसांचा डेरेदार मुकुट, अंगाला राख, खांद्यावर कातडं, हातात काठी. एका गावाचा ताफा दुसऱ्या गावी जातो, यजमान गाव स्वागत करतं, जेवू घालतं, रात्रभर नाच होतो. मारलवाई गावचे गुस्साडी कनकराजू यांना २०२१ सालची पद्मश्री मिळाली तेव्हा पुष्कळांनी तो मुकुट पहिल्यांदा फोटोत पाहिला. लगेच शाळाशाळांतून पुठ्ठ्याचे मोरपिशी मुकुट करायची हौस येणं साहजिक आहे. इथे मात्र थोडं थांबावं. ते मुकुट गोंडांच्या लेखी पूजेची वस्तू आहेत. व्रताच्या दिवसांत गुस्साडी अंघोळही करत नाहीत. कृष्णाचा मुकुट घरोघरी होतो, कारण कृष्ण आपल्या घराघरांत लहान होऊन नांदतो. सगळ्याच दैवतांना आपण तशी सलगी दाखवू नये.

आता शेतकऱ्याच्या वेशाविषयी. हे लिहायला मला जड जातं, पण महागाव तालुक्यावर लिहिताना ते टाळता येत नाही.

याच तालुक्यातल्या चिलगव्हाणचे शेतकरी साहेबराव करपे, त्यांची पत्नी मालती आणि चार मुलं. १९ मार्च १९८६ रोजी वर्ध्याजवळ या सहा जणांनी आयुष्य संपवलं. महाराष्ट्रात मोठी वाचा फुटलेली ही पहिली शेतकरी कुटुंबाची आत्महत्या. २०१७ पासून किसानपुत्र आंदोलनाच्या हाकेवर दर १९ मार्चला ठिकठिकाणी माणसं अन्नत्याग करतात, चिलगव्हाणलाही जमतात. १९८६ नंतरच्या वर्षांत यवतमाळ जिल्ह्याचं नाव शेतकऱ्यांच्या आत्महत्यांसाठी घेतलं जाऊ लागलं, ते वाचकांना ठाऊक आहे.

तान्ह्या पोळ्याच्या रांगेत, शाळांच्या कार्यक्रमांत कधी कधी एखादं पोर शेतकरी होऊन येतं आणि त्याच्या गळ्यात दोरीचा फास असतो. हातात पाटी असते. मोठी माणसं हळहळतात, फोटो काढतात, बहुधा बक्षीसही देतात. ते करणाऱ्या आईबापाच्या मनात कळवळाच असतो, हे मी जाणते. तरीही माझं म्हणणं स्पष्ट आहे: पोराच्या गळ्यात फास घालू नये, एका मिनिटासाठीही नाही. त्या रांगेत कदाचित असं लेकरू उभं असतं ज्याच्या घरात ते खरोखर घडलेलं आहे. आणि ज्या पोराच्या गळ्यात ती दोरी आहे त्याला शेतकरी म्हणजे काय, तर मरणारा माणूस, एवढंच त्या दिवशी शिकायला मिळतं.

शेतकऱ्याचा वेश करायला आपल्याकडे किती तरी आहे! बापाचं धोतर चार घड्या करून. डोक्याला शेला. पावसासाठी गोणपाटाची खोळ: पोत्याचा एक कोपरा दुसऱ्या कोपऱ्यात खुपसला की डोक्यावरून पाठीवर येणारी टोपी होते, त्याला ना शिवण ना खिळा. पेरणीला कमरेला बांधतात तशी बियाण्याची ओटी, तीत खरी सरकी किंवा सोयाबीन. हातात कासरा, मागे लाकडी नंदी. एका वर्षी असं एक पोर पाहिलं. ओटीत हात घालून ते मंडपाच्या कडेकडेनं दाणे टाकत चाललं होतं. चार पावलांमागे एक दाणा, मोजून. त्याच्या बापानं त्याला अंतर शिकवलं होतं.

पोरांनी वेश धरून घरोघर हिंडायचं आणि हातावर खाऊ घ्यायचा, ही रीत जगात फार जुनी आणि पुष्कळ ठिकाणची आहे. युरोपात ऑक्टोबरच्या शेवटच्या रात्री पूर्वजांचे, भुताखेतांचे दिवस पाळत. स्कॉटलंड-आयर्लंडमध्ये मुलं जुने कपडे, काजळी आणि मुखवटे घालून दारोदार जात, सलगम कोरून त्यात दिवा ठेवत. तिकडून अमेरिकेत गेलेल्या माणसांबरोबर ते तिकडे गेलं, सलगमाच्या जागी भोपळा आला, आणि त्याचं हॅलोविन झालं. तिथेही वेश आधी घरीच होत. १९३०च्या दशकापासून खोक्यातले तयार पोशाख आणि पातळ मुखवटे दुकानांत आले आणि घरचे वेश मागे पडत गेले. आपल्याकडे आज जे होतं आहे ते तिकडे नव्वद वर्षांपूर्वी सुरू झालं होतं.

२०२४ साली ३१ ऑक्टोबरला नरक चतुर्दशी आली होती. माझी मामेबहीण न्यू जर्सीत राहते. तिच्या घरी त्या दिवशी पहाटे अभ्यंगस्नान आणि संध्याकाळी हॅलोविन. तिच्या सहा वर्षांच्या मुलाला बैल व्हायचं होतं. आदल्या सुटीत तो महागावला येऊन गेला होता आणि मामाच्या गोठ्यातल्या पांढऱ्या बैलानं त्याचा हात चाटला होता. दुकानात वाघ होते, डायनासोर होते, पण बैल कुठे मिळणार? बहिणीनं व्हिडिओ कॉलवर मावशीला विचारलं, शिंगं उभी कशी राहतात? मावशीनं फोन भिंतीला टेकवला आणि वर्तमानपत्राची सुरळी करून दाखवली. बुडाशी जाड, टोकाशी निमुळती, वरून सुती चिंधी गुंडाळायची, चिंधीला खळ, वाळली की कडक. दोन्ही शिंगांच्या बुडातून एकच पट्टी ओवायची आणि ती हनुवटीखाली बांधायची. ‘‘शिंगं टोपीले नको लावू माय, टोपी फिरते. पट्टीले लाव.’’ झूल झाली आईच्या जुन्या इरकलीची. शिंगांना चॉकलेटचा सोनेरी कागद लावला होता. शेजारच्या बाईनं दार उघडून विचारलं, तू कोण? पोरानं इंग्रजीतच उत्तर दिलं, पण बैलाचं नाव मराठीत सांगितलं: ‘राजा’. मामाच्या बैलाचंच.

मामांकडे आता ती एकच जोडी आहे. पेरणी, वखरणी बरीचशी ट्रॅक्टरनं होते; गावातल्या कित्येक गोठ्यांत बैल उरलेला नाही, आणि बैल नाही तिथे बेगड नाही, गोंडे नाहीत, कवड्यांची माळ नाही. अशा घरांतल्या बायका पोळ्याच्या आठवड्यात मामांच्या दारी येतात. ‘‘पोट्ट्याच्या टोपीले थोडं देता का?’’ मामा नाही म्हणत नाहीत. हल्ली शिंगांना गरजेपेक्षा जास्त बेगड लावतात.

आजी गेल्याला बरीच वर्षं झाली. तान्हा पोळा संपून पोरं घरी आली की ती जे करायची ते आता मावशी करते, मी शेजारी बसून पाहते. बोजाऱ्याचे पैसे पोरानं मोजून झालेले असतात. ते झोपेनं डुलत असतं आणि वेश उतरत असतो. कमरेची घुंगरं आणि गळ्यातली कवड्यांची माळ बैलाच्या पेटीत, झुलीवर. गोणपाटाची खोळ झटकून, कोपरा पुन्हा बाहेर काढून, गव्हाच्या कोठीजवळ. धोतर धुवायला. मुकुटाची नाडी सैल करून तो माळ्यावर. ओटीतली उरलेली सरकी ढेपेच्या डब्यात, सकाळी म्हशीपुढे टाकायला. शेवटी कानामागच्या नाड्या सुटतात, दाढी उतरते. मावशी मलमलीच्या पट्टीवरचे टाके एकेक करून कापते, कापूस मोकळा करते, तळहातावर पिंजते. पोराच्या घामानं तो हनुवटीपाशी थोडा ओलसर झालेला असतो, म्हणून घटकाभर चुलीजवळ ठेवते. मग मांडीवर राखेची चिमूट घेऊन वाती वळायला बसते. दोन महिन्यांवर दिवाळी असते.